वाटेवरचा संसार : पाठीवरचे बुणगे

पावसाळा उलटून आकाश निवळलें, माळावरची सोनकी ओसरूं लागली आणि पहांटेच्या हवेंत गारवा आला, कीं घरोघरीं डोंगराची ओढ लागते. पूर्वीं हा नाद कॉलेजांतील तरुणांपुरता होता. हल्लीं आजोबांपासून नातवंडांपर्यंत सारें कुटुंबच गडाची वाट चालतांना दिसतें. ही गोष्ट मोठ्या आनंदाची आहे. एरवीं ज्या घरांत प्रत्येकाचें तोंड निराळ्या दिशेला, त्या घरास दिवसभर एका वाटेनें चालावयास लावणारी इतकी स्वस्त युक्ति दुसरी क्वचितच असेल.

या महिन्यांत पुण्याच्या एका वाचक भगिनींचें पत्र आमच्यापुढें आहे. त्यांच्या एकत्र कुटुंबांत लहानथोर मिळून नऊ माणसें. वर्षांतून एकदां सर्वांनीं मिळून डोंगरावर जावयाचें, हा त्यांच्या घरचा नेम. गेल्या वर्षीं साऱ्यांचें जेवण, पाणी आणि पांघरुणें थोरल्या दिरांनीं एका भल्यामोठ्या सॅकमध्यें घातलीं आणि ती एकट्याच्या पाठीवर घेतली. भावोजींचें वय छप्पन्न. उतरतांना त्यांचा उजवा गुडघा सुजला, आणि पुढें तीन आठवडे त्यांना घराचा जिना चढवेना. आतां सासूबाईंनीं निर्वाणीचें सांगितलें आहे, “डोंगर पुरे झाले. देवदर्शनाला मोटारीनें जा, मी आडवी येणार नाहीं.” मुलें हिरमुसलीं आहेत. धाकट्या दिरांचें म्हणणें असें कीं, याहून मोठी आणि उंची सॅक आणली म्हणजे सारें सुरळीत होईल. तेव्हां सॅक केवढी घ्यावी, एवढेंच बाईंनीं विचारलें आहे.

प्रश्न लहान आहे, पण तो उलट्या टोंकाकडून विचारलेला आहे. सॅक ही शेवटीं ठरवावयाची वस्तु होय. आधीं मोठी सॅक आणली, तर ती रिकामी राहत नाहीं. नवें फडताळ जसें महिन्याभरांत भरतें, तशी तीहि भरते. आणि सासूबाईंच्या सांगण्यांत मुळींच तथ्य नाहीं, असें कोणी समजूं नये. त्यांनीं मुलाचा सुजलेला गुडघा पाहिला आहे. त्यांचें मन वळवावयाचें असेल तर युक्तिवाद कामाचा नाहीं. पाठीवरचें ओझें खरोखरच उतरलें पाहिजे.

ओझ्याची किंमत मराठी माणसास नव्यानें सांगावयास नको. १७६१ सालीं पानिपतावर लढणाऱ्या फौजेबरोबर यात्रेकरू, बायकामुलें, व्यापारी आणि नोकरचाकर असा न लढणारा प्रचंड समुदाय होता. त्यांस पोसण्यांत आणि संभाळण्यांत फौजेची बरीचशी शक्ति खर्ची पडली. त्या पराभवाचीं जीं कारणें इतिहासकार सांगतात, त्यांत या बुणग्यांचें कारण ठळक आहे. आपल्या पाठीवरच्या सॅकमध्येंहि असेच बुणगे शिरतात. लढतात चार वस्तु, आणि खातात पाठ मात्र चौदा.

आतां गुडघ्याचें गणित पाहूं. पाठीवर एक किलो वाढला म्हणजे गुडघ्यावर एकच किलो वाढतो, अशी आपली समजूत असते. ज्यांना कृत्रिम सांधा बसविला आहे अशा रुग्णांच्या सांध्यांतच मोजणीचीं यंत्रें ठेवून शास्त्रज्ञांनीं हा भार मोजून पाहिला आहे. जिना उतरतांना तो शरीराच्या वजनाच्या तिपटीहून अधिक भरतो. पाठीवरचें ओझें शरीराच्या वजनांतच मिळतें. म्हणजे ढोबळ हिशेबानें, बारा किलोंची सॅक घेऊन उतरणाऱ्याच्या गुडघ्यावर प्रत्येक पावलाला छत्तीस किलोंहून अधिक भार वाढतो, आणि डोंगर उतरतांना अशीं पावलें हजारोंनीं पडतात. चढतांना दम लागतो, म्हणून माणूस थांबतो. उतरतांना दम लागत नाहीं, म्हणून तो थांबत नाहीं, आणि गुडघा मात्र निमूटपणें सारें सोसतो. दुखणें घरीं आल्यावर कळतें.

मग ओझें असावें तरी किती? डोंगर चढणाऱ्यांत रूढ असलेला अदमास असा : एका दिवसाच्या चालीस शरीराच्या वजनाचा दहावा हिस्सा, आणि मुक्कामाच्या प्रवासास फार तर पांचवा हिस्सा. साठ किलो वजनाच्या माणसास हें प्रमाण अनुक्रमें सहा आणि बारा किलो पडतें. ज्याची प्रकृति स्थूल आहे त्यानें मात्र आपल्या उंचीस शोभेल त्या वजनाचा हिस्सा धरावा. अंगावरची चरबी हेंहि पाठीवरचेंच ओझें आहे. पन्नाशीपुढील माणसांनीं आणि गुडघे कुरकुरणाऱ्यांनीं या मर्यादेच्या बरेंच खालीं राहावें. मुलांविषयीं तर सरकारी दाखलाच आहे. भारत सरकारच्या २०२० सालच्या दप्तरविषयक धोरणांत पहिली ते दहावीच्या मुलांचें दप्तर त्यांच्या वजनाच्या दहाव्या हिश्शाहून जड नसावें, असें म्हटलें आहे. जें सपाट रस्त्यावर शाळेंत जातांना खरें, तें कड्याच्या वाटेवर अधिकच खरें.

पहिलें काम तराजूचें. स्वयंपाकघरांतील काटा माजघरांत आणावा, न्यावयाच्या म्हणून ठरलेल्या साऱ्या वस्तु सतरंजीवर मांडाव्या आणि एकेक तोलून तिचें वजन कागदावर लिहावें. नंतर तीन राशी कराव्या. ज्यावांचून जीवास अपाय होईल त्या वस्तु पहिल्या राशींत. ज्यावांचून दिवस त्रासाचा जाईल त्या दुसऱ्या राशींत. तिसरी रास ‘असूं द्यावें, लागलें तर’ या वस्तूंची. ही तिसरी रासच सर्वांत मोठी झालेली दिसेल. तीच घरीं ठेवावी. परत आल्यावर कागद पुन्हा काढावा आणि जी वस्तु वाटेंत एकदांहि हातांत घेतली नाहीं तिच्यावर खूण करावी. औषधें आणि पावसाचा अंगरखा यांस ही खूण लागूं नाहीं. तीं न वापरतां परत आलीं तर देवाचे आभार मानावे. बाकीच्यांस दुसऱ्या खेपेस उंबरठा ओलांडूं देऊं नये.

वस्तु न सोडतांहि वजन कसें उतरतें, तें आमच्या काट्यावर पाहिलेल्या आंकड्यांवरून सांगतों. चार पुडांचा स्टीलचा डबा रिकामाच दीड किलो भरला. तेंच जेवण पातळशा हलक्या डब्यांत आणि फडक्यांत बांधलें तर दोनशें ग्रॅमांत भागतें. ऊन पाणी ऊन ठेवणाऱ्या दुहेरी स्टीलच्या बाटल्या रिकाम्या प्रत्येकीं सुमारें अर्धा किलो. दोहोंचा एक किलो झाला. प्लॅस्टिकच्या साध्या दोन बाटल्या मिळून शंभर ग्रॅमांच्या आंत बसतात. जाड रोंवेदार टॉवेल पांचशें ग्रॅम, आणि आजोबांचा पंचा दीडशें. शिवाय पंचा वाऱ्यावर घटकाभरांत वाळतो, डोक्याला गुंडाळतां येतो, आणि प्रसंगीं हात मोडला तर झोळी म्हणून गळ्यांत बांधतां येतो. या तीन अदलाबदलींत एकहि गरज न मारतां अडीच किलोंहून अधिक वजन उतरलें, आणि दुकानाची पायरीहि चढावी लागली नाहीं. पायांतील जोड्यांकडेहि असेंच पाहावें. पायांतील एक किलो हा पाठीवरील चार-पांच किलोंइतका थकवितो, असें सैनिकांवरील प्रयोगांत आढळलें आहे. म्हणून पकड चांगली, पण वजनानें हलके असे जोडे निवडावे.

उदाहरणादाखल कळसूबाई घेऊं. १६४६ मीटर उंचीचें हें महाराष्ट्रांतील सर्वांत उंच शिखर. अकोले तालुक्यांतील बारी गांवाहून चढणारी वाट रुळलेली आहे. कड्याच्या जागीं लोखंडी शिड्या आहेत आणि माथ्यावर देवीचें लहानसें देऊळ आहे. एका दिवसांत जाऊन येतां येतें. मुक्काम करावयाचा असला तर तो पायथ्याच्या गांवीं करावा. पांघरुणें, बदलावयाचे कपडे, रात्रीचा शिधा हें सारें बिऱ्हाड तेथेंच ठेवून पहांटे हलक्या पाठीनें निघावें. पत्रांतील भावोजींनीं नऊ माणसांचीं पांघरुणें माथ्यावर नेलीं आणि खालीं आणलीं. त्यांचा वर कोणास काय उपयोग झाला, हें पत्रांत लिहिलेलें नाहीं.

हिवाळ्यांत या वाटेस एका प्रौढ माणसाचें ओझें असें बसतें : रिकामी सॅक ७०० ग्रॅम, दोन लिटर पाणी २०००, दोन बाटल्या १००, खाणें ५००, स्वेटर ४००, वाऱ्यापावसाचा अंगरखा ३००, पंचा १५०, विजेरी १००, औषधें व पट्ट्या २००, आणि टोपी, फोन, चष्मा वगैरे किरकोळ ३५०. एकूण ४८०० ग्रॅम, म्हणजे पांच किलोंच्याहि आंत. त्यांतलें अडीच किलो पाणी आणि खाणें. तें वाटेंत पोटांत जातें. उतरतांना, जेव्हां गुडघ्यास सर्वांत जपावयाचें असतें, तेव्हां पाठीवर निम्मेंच उरतें.

खाण्याच्या बाबतींत आपल्या घरच्या बायकांस कोणी नवें शिकवावयास नको. वाटेच्या शिदोरीचें शास्त्र आपल्या आज्यांना पुरतें अवगत होतें. दुधांत भिजविलेल्या कणकेच्या दशम्या, गूळपोळी, तिळाचे लाडू, शेंगदाण्याची चटणी, मेतकूट, सातूचें पीठ. यांत पाणी कमी, म्हणून वजन कमी आणि टिकाऊपणा अधिक. एक ग्रॅम पिष्टांतून चार कॅलरी मिळतात, तर एक ग्रॅम स्निग्धांतून नऊ. म्हणून तूप, तीळ आणि शेंगदाणे ज्या पदार्थांत आहेत ते पाठीला हलके आणि पोटाला भारी. रस्सा, भात, दह्याचीं भांडीं हें सारें घरीं परतल्यावर. काकडी मात्र जरूर घ्यावी. पण ती जवळजवळ सारी पाणीच असते, तेव्हां तिचें वजन पाण्याच्या खात्यांत धरावें. कपड्यांतहि हाच न्याय. सुती जाड विजार घामानें किंवा दंवानें भिजली कीं जड होते आणि लवकर वाळत नाहीं. पातळ, चटकन वाळणारे कपडे एकावर एक घालावे, आणि ऊन वाढेल तसे उतरवावे.

एवढें झाल्यावर सॅकचें माप ठरवावयाचें. सॅक लिटरच्या मापानें विकली जाते, आणि हें माप घरची बादली देते. लिटरच्या भांड्यानें पाणी ओतून बादलींत किती लिटर मावतात तें पाहावें. नंतर ती कोरडी करून निवडलेल्या वस्तु तींत नीट दडपून भराव्या. सोळा लिटरांची बादली भरून थोडें वर आलें, तर वीस ते पंचवीस लिटरांची सॅक पुरे. साधारणपणें एका दिवसास वीस ते तीस लिटर, अंथरूण घेऊन एका रात्रीच्या मुक्कामास पस्तीस ते पंचेचाळीस, आणि हिमालयांत तंबू व शिधा पाठीवर घेऊन कित्येक दिवस चालावयाचें असेल तरच पंचावन्न ते पासष्ट. हिमालयांतहि आयोजक तंबू, अंथरूण आणि जेवण पुरवीत असतील तर पन्नासांत सहज भागतें. मोठ्या सॅकचें स्वतःचें वजनच दोन किलोंपर्यंत जातें, हें धाकट्या दिरांनीं लक्षांत घ्यावें. उंची सॅक म्हणजे हलकी सॅक नव्हे.

माप लिटरचें झालें, तसें पाठीचेंहि पाहावें. मान पुढें वांकविली म्हणजे मानेच्या तळाशीं जो मणका टचकन वर येतो, तेथून कमरेच्या हाडांच्या माथ्याच्या रेषेपर्यंतची लांबी दोरीनें घ्यावी. सॅक या लांबीस बसली पाहिजे. माणसाच्या उंचीवरून ती ठरवूं नये. दोन जावा उंचीनें सारख्या असल्या तरी एकीची पाठ लांब आणि दुसरीचे पाय लांब असूं शकतात. दुकानांत जातांना पांच किलो तांदुळाची पिशवी बरोबर न्यावी, ती सॅकमध्यें घालून पाव तास फिरावें. आधीं कमरेचा पट्टा कमरेच्या हाडांवर बसवून आवळावा, पोटावर नव्हे. मग खांद्याचे पट्टे ओढावे, आणि शेवटीं छातीचा. मोठी सॅक नीट बसली म्हणजे बहुतेक भार कमरेवर येतो आणि खांदे मोकळे राहतात. दुकानदार ‘वापरून सैल होईल’ म्हणूं लागला तर त्याचें ऐकूं नये.

भरतांना जड वस्तु पाठीलगत, खांद्याच्या फऱ्यांच्या मध्यें येतील अशा ठेवाव्या. हलक्या आणि मऊ वस्तु तळाशीं. हरघडीं लागणाऱ्या वरच्या कप्प्यांत. जड वस्तु बाहेरच्या बाजूस गेली कीं ती माणसास मागें ओढते, आणि तो नकळत पुढें वांकतो. बाहेर पेले, पिशव्या, जोडे लोंबकळत ठेवूं नयेत. शिडीवर त्यांचा हेलकावा घात करतो. पावसाची शंका असेल तर आंतच प्लॅस्टिकची जाड पिशवी घालून तींत सामान भरावें. वरून घातलेल्या आवरणांतून पाठीच्या बाजूनें पाणी शिरतें.

हलकेपणाचा महिमा सांगणारी एक अमेरिकन आजी येथें आठवते. एमा गेटवुड ही अकरा मुलांची आई. १९५५ सालीं, वयाच्या सदुसष्टाव्या वर्षीं, अमेरिकेंतील ॲपलेशियन वाट ती एकटीनें जॉर्जियापासून मेनपर्यंत चालून गेली. अंतर सुमारें तीन हजार तीनशें किलोमीटर. पायांत कॅनव्हासचे साधे जोडे, खांद्यावर घरीं शिवलेली जाड कापडाची थैली, तींत एक पांघरूण, आणि पावसास न्हाणीघराचा प्लॅस्टिकचा पडदा. तंबू नव्हता, झोपावयाची खास पिशवी नव्हती. सासूबाईंना ही हकीकत जरूर वाचून दाखवावी. परंतु तिचें अनुकरण मात्र सरसकट करूं नये. वाटेंतील अनोळखी लोकांनीं तिला अनेकदां घरांत घेतलें, जेवूं घातलें. ज्या वाटेवर घर नाहीं तेथें हा आधार मिळत नाहीं.

कारण वजन कमी करण्याचाहि एक मद असतो. दोन-दोन ग्रॅमांचा हिशेब करणारे तरुण पाण्यावर काट मारतात, आणि दुपारीं दुसऱ्याच्या बाटलीकडे पाहतात. पाणी, क्षारसाखरेच्या पुड्या, नेहमींचीं औषधें, मलमपट्टी, विजेरी, शिट्टी, एक उबदार कपडा आणि पावसाचा अंगरखा, यांस कात्री लावणें म्हणजे काटकसर नव्हे. ज्याच्याजवळ हें नाहीं त्याचें ओझें प्रसंग येतांच साऱ्या मंडळीवर पडतें.

येथें खरी गांठ आहे. ओझें कमी करणें म्हणजे तें दुसऱ्याच्या पाठीवर ठेवणें नव्हे. गेल्या वर्षीं त्या कुटुंबांतील आठ माणसें अगदीं मोकळ्या पाठीनें चढलीं. कारण नववा सारें वाहत होता. त्यानें तें प्रेमानें केलें, यांत शंका नाहीं, आणि म्हणूनच कोणाच्या लक्षांत आलें नाहीं. एकत्र कुटुंबांत अशीं ओझीं पुष्कळ असतात. जो कुरकुरत नाहीं त्याच्याकडे तीं आपोआप जातात. डोंगरावर थोरल्या दिरांकडे, आणि घरीं बहुधा एखाद्या सुनेकडे. पैसे देऊन ओझें दिलें तरी हा विचार सुटत नाहीं. पेरू देशांत इंका वाटेवरच्या हमालांच्या ओझ्यास वीस किलोंची मर्यादा घालणारा कायदा २००१ सालीं करावा लागला, तो प्रवाशांच्या हौसेनें त्यांचे कणे वांकूं लागले म्हणूनच. गांवांतील एखादा मुलगा सामान घेऊन बरोबर आला, तर त्याचीहि सॅक आपण आपल्या हातानें तोलावी.

म्हणून नऊ माणसांस एक मोठी सॅक नको. प्रत्येकास आपल्या अंगाच्या मानाची पिशवी असावी. आपलें पाणी, आपलें खाणें, आपला अंगरखा ज्याचा त्यानें घ्यावा; सात वर्षांच्या नातवानेंहि आपली बाटली आणि लाडू स्वतः वाहावा. विजेरी आणि शिट्टी प्रत्येकाजवळ हवी; परंतु औषधांची पेटी, चाकू, दोरी या वस्तु साऱ्यांत मिळून एकेकच पुरतात. त्या सशक्त तरुणांत वांटाव्या. ज्यानें दोन लाडू अधिक मागितले त्यानें ते वाहावेत. ज्यांचा गुडघा दुखावला आहे त्या भावोजींनीं प्रथम डॉक्टरांचा सल्ला घ्यावा. त्यांची परवानगी मिळाल्यास केवळ आपली पाण्याची बाटली आणि हातांत काठी घेऊन मंडळींच्या मध्यें चालावें, आणि उतरतांना सर्वांनीं त्यांच्या पावलानें उतरावें.

जाण्यापूर्वीं आठवडाभर आधीं सर्वांनीं आपापल्या पिशव्या भरून एक दिवस जवळच्या टेकडीवर फिरून यावें. परत आल्यावर सासूबाईंच्या समोर प्रत्येक पिशवी तोलावी, आणि आंकडे त्यांनींच लिहून घ्यावे. ज्याची पिशवी ठरल्या मर्यादेबाहेर गेली त्याच्या पिशवींतून काय काढावयाचें, हेंहि त्यांनींच सांगावें. चाळीस वर्षें ज्यांनीं घरांतल्या धान्याची, तेलाची आणि तुपाची मोजदाद केली, त्यांच्या नजरेंतून एक बुणगा सुटणार नाहीं. मग डोंगरावर जावयाचें कीं नाहीं, याचा निर्णयहि निःशंकपणें त्यांच्यावरच सोंपवावा.